काठाची वीत

बोलायला सुरुवात करण्याआधी ती उजव्या हाताची वीत जमिनीवर टेकवायची. अंगठा अलीकडे, करंगळी पलीकडे. एकदा त्या वितीकडे बघायची, एकदा समोरच्या माणसाच्या तोंडाकडे, आणि म्हणायची, "वीतभरच हाय की!"

तुम्ही तिला पहिल्यांदा बघितलं असतंत तर म्हणाला असतात, काय समाधानी बाई आहे! मलाही तसंच वाटलं होतं. पण ते वाक्य मुळात तिचं नव्हतंच. ते तिच्या दिराचं होतं. तिनं ते सोळा वर्षं सांभाळलं आणि मग ज्याचं त्याला परत केलं.

सूड वाईट असतो असं आपण मुलांना शिकवतो. मीही शिकवलं आहे. पण नोकरीत मी जी दोनचार कामं अगदी मनापासून केली, त्यांतलं एक त्या बाईचा सूड कागदावर मोजून लिहिण्याचं होतं. त्याबद्दल मला आजही पश्चात्ताप होत नाही. झाला असता तर हे लिहायला बसलोच नसतो.

मी तेव्हा साताऱ्याला मोजणी खात्यात होतो. लढाईचे दिवस होते, रॉकेल मिळत नव्हतं, आणि मी साखळी, फळी आणि दोन गडी घेऊन माणच्या उन्हात लोकांचे बांध मोजत हिंडत होतो. बांधावरून एकमेकांच्या उरावर बसणारी माणसं रोज बघून माझं मन निबर झालं होतं. अशात एका गावचा अर्ज आला. अर्जदार गावातला बडा शेतकरी. तक्रार अशी की, आपल्या विधवा भावजयीने मळणीच्या खळ्याच्या निमित्ताने आपली जमीन गिळली आहे, तरी ती मोजून परत मिळावी.

खळ्यानं जमीन गिळली! आम्ही कचेरीत पोट धरून हसलो.

गावात माझी उतरायची सोय अर्जदाराच्याच ओसरीवर होती. माणूस दांडगा, मिशीला पीळ, आणि पायात करकर वाजणारं पायताण. तो येण्याआधी त्याचं पायताण यायचं. ते तो घरातही काढत नसे. मला जेवायला वाढलं तेव्हाही तो पायताणासकट माझ्या ताटाशेजारी उभा राहिला आणि म्हणाला, "खावा मोजणीदार, पोटभर खावा. सरकारचं मीठ अळणी असतंय."

सरळच सांगतो, मला तो माणूस आवडला नाही. मटण मात्र चांगलं होतं.

सकाळी खळ्यावर गेलो. दिराच्या शेताच्या तोंडाशीच ते होतं. एका बाजूला ज्वारीचं शेत, दुसऱ्या बाजूला ओढ्याची उंच दरड, आणि मध्ये हे भलंमोठं गोल खळं, हातानं सारवून आरशासारखं गुळगुळीत केलेलं. अधोमध तिवडा, म्हणजे मळणीचे बैल ज्याच्याभोवती फिरतात तो खांब. कडेला एक छप्पर, आणि छपरासमोर एक पन्नाशीची, काटक, काळीसावळी बाई झाडू घेऊन बसलेली. गावात तिला लहानथोर सगळे वैनी म्हणत.

मी तरातरा निघालो तिवड्याकडे.

"आवं साहेब," ती बसल्या जागेवरून म्हणाली, "बूट."

खळ्यात धान्य येतं, लक्ष्मी येते, तिथे पायात काही घालून कुणी जात नाही. हे मला कुणी सांगायची गरज नव्हती. मीही खेड्यातलाच. पण पायात सरकारी बूट असला की माणूस घरचं विसरतो. मी ओशाळून बूट काढले. तेव्हा तिनं वीत टेकवली, माझ्याकडे पाहिलं आणि म्हणाली, "येवढं मनाला लावून घिऊ नका. वीतभरच हाय की."

कशाची वीत, ते मला तेव्हा कळलं नाही.

काम तीन दिवस चाललं. दोन्ही वेळचं मटण मी दुसऱ्याच दिवशी सोडलं आणि तिच्या छपरात भाकरी खाऊ लागलो. तिथे तुकड्यातुकड्यांनी मला हकीकत कळली.

तिचा नवरा मुदतीच्या तापानं गेला. मूलबाळ नव्हतं. तेरा दिवस झाले आणि चौदाव्या दिवशी सकाळी दीर घरात आला. ओसरीवर नाही, सोप्यात नाही, थेट चुलीपर्यंत. पायताण घालून. चुलीवर डिचक्यात काहीतरी शिजत होतं, ते त्यानं पायताणाच्या टाचेनं ढकललं. डिचकं कलंडलं, चूल विझली. "ह्या घरात आता तुजी चूल न्हाई," म्हणाला.

"जमीन घितली त्याचं मला न्हाई काय," ती मला म्हणाली. "जमीन बापय मान्सं घेत्यातच. पर चुलीपतुर पायताण? साहेब, आमच्यात मढं न्यायला आलेली मान्संबी पायताण दाराभाईर काढत्यात."

पंच बसले. दिरानं आधी काहीच द्यायचं नाकारलं. मग लोक नावं ठेवतील म्हणून हात झटकल्यासारखं म्हणाला, "खळं घे. छप्पर हायच तितं. काय उगवतंय थोडंच खळ्यात!" पंचांनी कागद केला: मळणीला लागेल तेवढं खळं आणि शेजारचं छप्पर बाईचं. खळं दर साल घालून-सारवून तिनं तयार ठेवायचं. जो मळणी करील त्यानं तिला सुपानं धान्य द्यायचं. दीर फुकट मळणार. बास.

"मळणीला लागेल तेवढं." कागदातले हे शब्द मी दोनदा वाचले. लिहिणाऱ्यानं सहज लिहिले असतील. तिनं मात्र ते ऐकले होते.

आता खळं कसं करतात, ते शहरातल्या वाचकांसाठी सांगतो. सुगी आली की तिवड्याला दोर बांधायचा, ताणून गोल फिरायचं, रेघ ओढायची. रेघेच्या आतली माती भिजवायची, बैलांकडून तुडवायची, चोपायची आणि शेणानं सारवायची. दोर जेवढा, तेवढं खळं. नवरा असताना दोर सोळा हातांचा होता. म्हणजे बत्तीस विती.

तिच्या पहिल्याच सुगीला दिराचं पीक दणकून आलं. कणसं खळ्यात मावेनात. चारचौघांत तो म्हणाला, "औंदा दोर वाढीव की जरा."

"किती वाढवू, भावजी?"

"वाढीव वीतभर. वीतभरच हाय की! जागा काय पळून जातीया?"

तिनं दोराला एक गाठ मारली.

पुढच्या सुगीला तिनंच विचारलं, तेही पारावर बारा माणसं बसलेली बघून. "भावजी, वीतभर वाढवू का?" एवढ्या माणसांत वितीला नाही म्हणणारा माणूस कोता दिसतो. तो म्हणाला, "वाढीव की, इच्यारतीस काय?" दुसरी गाठ. खळं तुडवायला बैल त्याचे, शेण त्याच्याच गोठ्यातलं. आपली जमीन आपल्याच बैलांच्या खुरांनी तो दर वर्षी तिला देत होता आणि वर फुकट मळायला मिळतं म्हणून खूश होता.

मी फळीवर कागद लावून खळ्याचा नकाशा काढत होतो. ती शेजारी येऊन उकिडवी बसली. मी म्हटलं, "वैनी, हिशेब माहीत आहे का तुम्हाला? दोर दीडपट झाला, पण जागा दीडपट नाही झाली. सव्वादोनपट झाली."

"झाली असंल."

"असेल नाही, आहे. त्रिज्या थोडी वाढली की क्षेत्रफळ किती वाढतं, तर परीघ गुणिले ती वाढ. खळं जेवढं मोठं तेवढी पुढची वीत जास्त जागा देते."

ती हसली. तिचे पुढचे दोन दात नव्हते. "त्ये तिरिज्या का काय, मला न्हाई ठावं. मला पाट्या ठाव्या हायती."

ती सांगलीकडची, हळदीच्या मुलखातली. तिचा बाप पेवं खणायचा. हळद साठवायला जमिनीत खोल, गोल पेव खणतात. वर तोंड अरुंद, आत पोट मोठं. लहानपणी ती बापाच्या पेवातली माती पाटीनं वाहायची. पेवाचं पोट चहूअंगानं वीतभर वाढवायचं म्हटलं की पहिल्या वितीला जेवढ्या पाट्या निघायच्या, त्याहून पुढच्या वितीला जास्त निघायच्या. त्याच्या पुढच्या वितीला आणखी. आठदहा वर्षांच्या पोरीनं हे डोक्यावरच्या टोपलीनं शिकून घेतलं होतं.

"बा म्हनायचा, पोरी, मधली वीत गरीब असती. काठाची वीत लय खाती."

मी दोन वर्षं कॉलेजात घालवून जे शिकलो ते एवढंच होतं.

आता तुम्ही म्हणाल, मूलबाळ नाही, एकटा जीव, एवढी जागा घेऊन ती करणार काय? इथेच तिची हुशारी. दर वर्षी काठाची जी नवी कड मिळायची, तिच्यात एका घराच्या कणसांची रास बसायची. गावात ज्यांना स्वतःचं खळं नाही, दिराच्या दारात उभं राहायची ज्यांची सोय नाही, अशांतलं एकेक घर ती बोलवायची. एका वितीला एक घर. सोळा वर्षांत सोळा घरं झाली. ती घरं तिला सुपानं धान्य द्यायची, तिचं त्यात वर्ष निघायचं. आणि सुगीत त्या खळ्यावर सोळा घरांचे लहानमोठे मिळून शंभर पाय अनवाणी फिरायचे.

सगळ्यांना ती सारखं वागवत नसे, हेही सांगायला हवं. पंचांपुढे दिराच्या बाजूनं खोटं बोललेला एक माणूस होता. त्याचंही घर तिनं घेतलं. पण जागा दिली छपराच्या आडोशाला, जिथे वारा लागत नाही. उफणायला उभा राहिला की भुसा त्याच्याच डोक्यावर. बिचारा अकरा वर्षं भुसा झाडत होता. मी म्हटलं, "वैनी, आता सोडा की त्याला."

"सोडीन की," ती म्हणाली. "म्या थोडंच बांदलंय? वारंच तिकडं जात न्हाई, त्याला मी काय करू?"

आणि हीच बाई संध्याकाळी त्या माणसाच्या आजारी बायकोला पेज घेऊन जाताना मी पाहिली.

पण खरी गोष्ट राहिली ती पायवाटेची. नवऱ्याच्या वेळी खळ्याचा काठ आणि ओढ्याची दरड यांच्यामध्ये सोळा वितींची मोकळी पट्टी होती. दिराची गाडीवाट खाली लांबच्या उतारावरून होती, पण पायी जायला हीच पट्टी. रोज सकाळी तो त्या वाटेनं करकर वाजवत शेतावर जायचा आणि ती सारवता सारवता ते पायताण बघायची. पट्टी दर साल वीतभर अरुंद व्हायची. पंधरा वर्षांनी तिथून एक माणूस अंग चोरून जेमतेम जाऊ शकत होता. सोळाव्या सुगीला तिनं शेवटची वीत सारवली आणि शेण दरडीला भिडलं.

दुसऱ्या दिवशी सकाळी दीर आला. ती झाडू घेऊन बसलेली. "भावजी, खळं सारवलंय. पायताण काढा."

तो थांबला. एकदा खळ्याकडे, एकदा दरडीकडे बघितलं. सोळा वर्षांत पहिल्यांदा बघितलं असावं. मग मागं फिरला, लांबच्या उतारानं मैलभर वळसा घालून शेतावर गेला, आणि तिथून थेट तालुक्याला अर्ज द्यायला.

"वाट मी बंद केली न्हाई," ती मला बजावून म्हणाली. "वाट हाय. लिवा तुमी तसं. पायताण काढायचं आन जायचं. मी काय मान्साला अडीवतीया?"

तिसऱ्या दिवशी सकाळी सगळे खळ्यावर जमले. सोळा घरांची माणसं काठानं गोल उभी होती, अनवाणी. त्या जुन्या पंचांपैकी एकच म्हातारा उरला होता, त्याला धरून आणलं होतं. माझेही बूट काठाबाहेर. दीर काठाबाहेरच उभा राहिला, पायताण न काढता.

मी मोजणी वाचून दाखवली. मूळ दोर बत्तीस विती. आताचा अठ्ठेचाळीस. वाढ सोळा विती. ती काही नाकारेल असं मला वाटलं होतं. तिनं सोळा गाठींचा दोरच आणून माझ्यापुढे टाकला. "बराबर हाय," म्हणाली.

दिराला चेव आला. "आयकलं का? सोळा विती! वीत-वीत म्हनत सोळा खाल्ल्या. माज्या सोळा विती मला माघारी द्या!"

"घ्या की," ती म्हणाली.

सोळा वर्षांची मेहनत ही बाई अशी देऊन टाकणार? तिनं खाली बसून वीत टेकवली. "पर कुटल्या देऊ, भावजी? काठाकडच्या सोळा, का तिवड्याकडच्या सोळा? तुमी म्हनाल त्या."

दिरानं तिवड्याकडे बघितलं. त्याच्या मनात काय आलं ते मला त्याच्या तोंडावर वाचता आलं, इतकं ते ढळढळीत होतं. काठ घेतला तर खळं लहान होईल, पण राहील. तिवडा घेतला तर खळंच मेलं. बैल फिरणार कशाभोवती? त्याला जमीन नकोच होती. त्याला तिची चूल दुसऱ्यांदा विझवायची होती.

"तिवड्याच्या," तो म्हणाला.

माझ्या हातात पेन्सिल होती आणि गणित मी आदल्या दिवशीच करून ठेवलं होतं. तिवड्यापासून सोळा वितींचं वर्तुळ एवढंसं, आणि काठाकडच्या सोळा वितींचा पट्टा त्याच्या बरोबर पाचपट. पट्टा घेतला असता तर पायवाटही मोकळी झाली असती. मी म्हटलं, "थांबा, आधी दोन्हीकडचं क्षेत्रफळ सांगतो, मग काय ते ठरवा."

"मोजणीदार, वीत म्हंजे वीत. हिकडली काय आन तिकडली काय! मला शिकवू नगा. लिवा."

दुसऱ्यांदा सांगणं माझं काम होतं. हात धरून सांगणं माझं काम होतं. मला ते अळणी मीठ आठवलं आणि मी लिहिलं. तडजोड, दोन्ही पक्षांना मान्य, तिवड्यापासून सोळा विती अर्जदाराच्या, बाकी खळं बाईचं. त्यानं सही ठोकली. तिनं अंगठा दिला. म्हाताऱ्या पंचानंही दिला.

"आता उपटतो तिवडा," दीर म्हणाला आणि त्यानं पाय उचलला.

"पायताण," म्हातारा पंच म्हणाला.

दीर थांबला. म्हाताऱ्याला दिसत नव्हतं; तो तोंड वर करून, पायताणाच्या आवाजाकडे कान देऊन उभा होता. काठानं शंभर अनवाणी पाय फक्त उभे होते. दिराला आपल्या जागेकडे जायचं तर चहूबाजूंनी तिचं खळं. कुठूनही जा, चोवीस फूट तिच्या सारवणावरून. त्याच्या ध्यानात ते तेव्हा आलं. त्यानं एकदा माझ्याकडे बघितलं. मी कागदाची घडी घालत होतो.

त्यानं वाकून पायताण काढलं. आधी डावं, मग उजवं.

तो अनवाणी चालत गेला. त्याचे तळवे गोरे होते, कधी उन्हाला न लागलेले. दोन गड्यांना घेऊन त्यानं तिवडा हलवला, उपटला, खांद्यावर घेतला आणि छाती काढून ओरडला, "कर आता मळणी!"

"आना रं," ती म्हणाली.

छपरामागून एका पोक्त गड्यानं बैलजोडी आणली. जोडीमागे दगडी रूळ होता. सांगलीकडे मळणीला वापरतात तसा, जाड, गोल, गडगडत जाणारा. त्याला तिवडा लागत नाही. तिनं तो दोन वर्षांपूर्वी माहेराहून आणवून कडब्याखाली झाकून ठेवला होता. काठाच्या रुंद पट्ट्यात सोळा घरांनी भराभर कणसं पसरली. रूळ गडगडत फिरू लागला आणि मधोमध, आपल्या सोळा वितींत, तिवडा खांद्यावर घेऊन दीर उभा. जोडी त्याच्याभोवती फेरे घालत होती. पहिलं हसू कुणाला आलं ते मला माहीत नाही. पण एकदा आलं ते थांबेना. भुसा झाडणारा तो खोटा साक्षीदार तर रडेपर्यंत हसत होता.

तिथूनच दिरानं मला विचारलं, "मोजणीदार, माजी जागा येवढीच?"

"एवढीच," मी म्हणालो. "काठाच्या सोळा घेतल्या असत्यात तर याच्या पाचपट होती. मी सांगत होतो."

हे वाक्य उच्चारताना मला फार बरं वाटलं. खोटं कशाला बोलू?

परत येताना त्याला रूळ पुढे जाईपर्यंत थांबावं लागलं. काठावर पायताण घालायला तो वाकला तेव्हा त्याच्या नाकासमोर, जमिनीवर, तिची वीत टेकलेली होती.

"वीतभरच हाय की, भावजी," ती म्हणाली.

संध्याकाळी मी निघण्याआधी तिनं मला हुलग्याचं माडगं दिलं. गरम, लसणाची फोडणी घातलेलं. स्वतः घेतलं नाही. मी विचारलं तर म्हणाली, "त्या दिशी डिचक्यात माडगंच व्हतं. धनी गेल्यावर पयल्यांदाच चूल पेटिवली व्हती. सोळा वर्सं झाली, दुसऱ्यास्नी घालती, मला घश्याखाली जात न्हाई."

आणि मग ती रडली. दिवसभर एवढी ताठ उभी असलेली बाई पदरात तोंड घालून हमसून हमसून रडली. मला तिची कीव आली नाही. मला तिच्या दिराचा पुन्हा राग आला. मी वाटी खाली ठेवली आणि म्हटलं, "वैनी, आता घ्या की. झालं ना तुमच्या मनासारखं?"

तिनं डोळे पुसले. सवयीनं हात जमिनीवर गेला. वीत टेकली.

"झालं. पर वीतभर ऱ्हायलं."

"आता काय राहिलं?"

"आज येवढी मान्सं हुबी व्हती, म्हनून काढलं त्यानं. मी नसताना, कुनी बगत नसताना काढंल, तवा खरं. त्ये काय मला दिसायचं न्हाई. तुमी हिकडं कवा आलासा तर बगून जावा."

पुढे इंग्रज गेले, संस्थानं गेली, मोजायच्या सीमा तेवढ्या वाढल्या. माझी बदली सांगलीला झाली. एकदा कृष्णाकाठी एका पेवाच्या तोंडाशी सहज उभा राहिलो होतो. आतून मातीनं माखलेला एक माणूस पाटी वर देत होता. मी विचारलं, "अजून किती वाढवायचं?" तो म्हणाला, "वीतभरच, पर काठाची हाय. सांज हुतीया." मला ती इतकी आठवली की त्याच आठवड्यात रजा काढून मी त्या गावी गेलो.

छप्पर बंद होतं. पाणी भरायला आलेल्या एका बाईनं सांगितलं, वैनीला जाऊन दोन पावसाळे झाले. जाताना खळं तिनं सोळा घरांच्या नावानं पंचांपुढे बोलून दिलं. त्या भुसा झाडणाऱ्या माणसाला शेवटच्या सुगीला वाऱ्याची जागा दिली होती म्हणे. दोर कुठे आहे विचारलं, तर घरोघरी फिरतो म्हणाली. ज्याच्या घरी दोर, त्यानं त्या साली सारवायचं. एवढं सांगून ती घागर उचलून निघून गेली.

ऐन दुपार होती. सुगी संपली होती, शेतात माणूस नव्हतं. मी ओढ्यापलीकडच्या करंजाखाली सावलीला बसलो. समोर खळं. काठाचा पट्टा सारवलेला, लखलखीत. मधल्या सोळा वितींत कुसळ आणि घाणेरी माजली होती.

मग करकर ऐकू आली.

म्हातारा झाला होता. हातात काठी, मिशी खाली लोंबलेली. लांबच्या उतारानं वळसा घालायची ताकद आता नसावी. तो खळ्याच्या काठाशी येऊन थांबला. छपराकडे बघितलं. कडी लावलेली. मागं बघितलं. वाटेवर कुणी नाही. शेताकडे बघितलं, तिथेही कुणी नाही. करंजाखालचा मी त्याला दिसलो नाही, किंवा त्याच्या डोळ्यांना दिसण्यासारखा नव्हतो.

एक पाय त्यानं पायताणासकट उचलला. तसाच धरला. खरं सांगतो, एवढा जीव टांगणीला कुठल्याही मोजणीत लागला नव्हता.

"मेलीस तरी सुटका न्हाई तुज्या पास्नं, सटवे," तो मोठ्यानं म्हणाला, बंद छपराला.

पाय खाली घेतला, काठाबाहेरच. काठी खाली ठेवली. वाकायला त्याला वेळ लागला. आधी डावं काढलं, मग उजवं. ती जोडी काखेत मारून, काठी उचलून, तापलेल्या सारवणावर पाय उचलून उचलून टाकत, शिव्या देत देत तो पलीकडे गेला. पायताणाचा आवाज येत नव्हता.

मी उठलो तेव्हा माझी उजवी वीत जमिनीवर टेकलेली होती. ती कधी टेकवली, ते मला कळलं नव्हतं.